खुब्याच्या फ्रॅक्चरनंतरच्या फॉलो-अप भेटींचे कोडिंग: सातवे अक्षर कसे ठरवावे

विचारलेला प्रसंग असा आहे. अमेरिकेतील एका अस्थिरोग दवाखान्यात ७८ वर्षांच्या एक बाई शस्त्रक्रियेनंतर सहाव्या आठवड्यात तपासणीसाठी आल्या. घरात चालताना पाय अडखळून पडल्यामुळे त्यांचा उजवा खुबा मोडला होता. फ्रॅक्चर सबकॅपिटल होते, म्हणजे मांडीच्या हाडाच्या मानेत, गोळ्याच्या लगेच खाली. आणि त्यावर हेमिआर्थ्रोप्लास्टी करून अर्धा कृत्रिम सांधा बसवण्यात आला होता. या भेटीसाठी एका कोडरने (नोंदी वाचून बिलासाठी निदानाचे कोड देणाऱ्याने) सांधा बदलल्यानंतरच्या देखभालीचा झेड४७.१ आणि कृत्रिम सांधा असल्याचा झेड९६.६४१ हे आयसीडी-१०-सीएम या अमेरिकेतील निदान यादीतले कोड दिले, दुसऱ्याने मूळ फ्रॅक्चरचा एस७२.०११डी दिला, आणि ऑडिटरने दोन्ही कागद बाजूला ठेवून ‘येथे एम८० का नाही?’ असे विचारले; एम८० हा ऑस्टिओपोरोसिसमुळे, म्हणजे हाडे ठिसूळ झाल्यामुळे, मोडलेल्या हाडाचा गट आहे. तिघांपैकी बरोबर कोण, आणि शल्यविशारदाला या भेटीचे बिल वेगळे लावता येईल का, हे आपल्याला जाणून घ्यायचे आहे.

नोंदीत जेवढे लिहिले आहे तेवढ्यावरून पाहता दुसऱ्या कोडरचा एस७२.०११डी बरोबर आहे. त्याच्या जोडीला, दुय्यम कोड म्हणून, उजव्या खुब्यात कृत्रिम सांधा असल्याचे सांगणारा झेड९६.६४१ देणे योग्य ठरेल. झेड४७.१ येथे चालणार नाही. ऑडिटरने विचारलेला प्रश्न अगदी रास्त आहे. मात्र त्याचे उत्तर कोडरने द्यायचे नसून उपचार करणाऱ्या डॉक्टरांनी द्यायचे आहे. शल्यविशारदाची ही भेट शस्त्रक्रियेच्या शुल्कातच धरलेली असल्याने तिची नोंद ९९०२४ने, म्हणजे शस्त्रक्रियेनंतरच्या शुल्कविरहित भेटीच्या कोडने, होते आणि तिचे वेगळे पैसे मिळत नाहीत. या प्रत्येक विधानामागचे कारण कळले नाही तर पुढच्याच रुग्णाच्या वेळी हाच वाद पुन्हा उभा राहील, म्हणून ती कारणे सविस्तर मांडतो.

झेड४७.१कडे हात लगेच का जातो, हे समजण्यासारखे आहे. त्याचे वर्णनच ‘सांधा बदलण्याच्या शस्त्रक्रियेनंतरची देखभाल’ असे आहे, रुग्णाच्या खुब्यात कृत्रिम सांधा आहे, आणि मोडलेला गोळा तर शस्त्रक्रियेतच काढून टाकलेला आहे. जे हाड शरीरात उरलेच नाही त्याचे फ्रॅक्चर सहा आठवड्यांनी कसे लिहायचे, ही शंका अनुभवी कोडरांनाही पडते. त्यात जुन्या पद्धतीची सवयही मिसळलेली असते. आयसीडी-९-सीएम या जुन्या यादीत खुब्याच्या भरून येणाऱ्या फ्रॅक्चरच्या देखभालीसाठी व्ही५४.१३ असा स्वतंत्र कोड होता आणि फ्रॅक्चरचा मूळ कोड प्रत्यक्ष उपचारापुरताच वापरला जात असे. १ ऑक्टोबर २०१५ पासून अमेरिकेत लागू झालेल्या आयसीडी-१०-सीएमने ही रचनाच बदलली. आता दुखापतीचा कोड रुग्णाबरोबर शेवटपर्यंत राहतो आणि उपचार कोणत्या टप्प्यावर आहे हे त्याचे सातवे अक्षर सांगते. अधिकृत मार्गदर्शक नियमांत हे स्पष्ट लिहिलेले आहे की आघातामुळे झालेल्या फ्रॅक्चरच्या देखभालीसाठी झेड गटातील देखभालीचे कोड वापरू नयेत, तर मूळ फ्रॅक्चरचा कोड योग्य त्या सातव्या अक्षरासह द्यावा. झेड४७च्या खाली असलेली एक्सक्लूड्स १ (म्हणजे ‘हे येथे कोड करू नका’) ही टीपही तेच सांगते. म्हणजे येथे निवड कोडरच्या मर्जीची राहतच नाही.

गोळा काढून टाकल्याच्या शंकेचे उत्तरही याच रचनेत आहे. या कोडमध्ये आपण ‘आज हाड मोडलेले आहे’ असे म्हणत नाही. ज्या दुखापतीमुळे ही सगळी देखभाल चालू आहे तिचे नाव आपण सांगतो, आणि डी हे अक्षर ‘उपचार झाला, आता रुग्ण सावरण्याच्या टप्प्यात आहे’ हे सांगते. झीज होऊन सांधा खराब झालेल्या आणि ठरवून सांधा बदललेल्या रुग्णात मात्र असे सातवे अक्षर असलेला दुखापतीचा कोडच नसतो, म्हणून तेथे झेड४७.१ योग्य ठरतो. रोपण तेच, टाके तेच, व्यायामही बहुतांश तेच. तरी एकाची सुरुवात दुखापतीने झाली आणि दुसऱ्याची आजाराने, एवढ्या फरकावर कोड बदलतो. शस्त्रक्रिया कोणती झाली हे पाहण्याआधी ती कशासाठी झाली हे पाहावे, असे मी नव्या कोडरांना नेहमी सांगतो. टाके काढण्यासाठी आलेल्या भेटीलाही हाच नियम लागू आहे; फ्रॅक्चरच्या शस्त्रक्रियेचे टाके काढताना झेड४८.०२ न देता फ्रॅक्चरचाच कोड डी अक्षरासह द्यावा.

आता सातव्या अक्षराकडे वळू, कारण या विषयातील बहुतेक चुका तेथेच होतात. एस७२ या गटात सोळा अक्षरे आहेत. ए, बी आणि सी ही सक्रिय उपचाराच्या टप्प्यासाठी; डी, ई, एफ ही नेहमीप्रमाणे भरून येणाऱ्या फ्रॅक्चरसाठी; जी, एच, जे भरून येण्यास उशीर होत असल्यास; के, एम, एन हाड न जुळल्यास; पी, क्यू, आर वाकडे जुळल्यास; आणि एस हे मागे राहिलेल्या परिणामांसाठी. प्रत्येक त्रयीतील पहिले अक्षर बंद (कातडी न फाटलेल्या) फ्रॅक्चरचे, दुसरे उघड्या जखमेची तीव्रता सांगणाऱ्या गस्टिलो वर्गीकरणातील प्रकार १ किंवा २च्या उघड्या फ्रॅक्चरचे आणि तिसरे प्रकार ३ए, ३बी किंवा ३सीचे आहे. खुब्याची फ्रॅक्चर बहुधा बंदच असतात, त्यामुळे रोजच्या कामात ए, डी, जी, के, पी आणि एस एवढ्याच अक्षरांशी संबंध येतो. फ्रॅक्चर उघडे की बंद हे लिहिलेले नसेल तर ते बंद धरावे, आणि सरकलेले की न सरकलेले हे लिहिलेले नसेल तर सरकलेले धरावे, असे नियम सांगतात.

ए आणि डी यांतील सीमारेषा ‘पहिली भेट’ आणि ‘दुसरी भेट’ अशी नाही. इंग्रजी वर्णनात ‘इनिशिअल एन्काउंटर’ हे शब्द असल्याने ती तशी वाटते, पण नियम असा आहे की डॉक्टर रुग्णाला प्रथमच पाहत आहेत की नाही यावर ए अक्षर ठरत नाही; रुग्णावर त्या दुखापतीसाठी सक्रिय उपचार चालू आहे की नाही यावर ते ठरते. आपत्कालीन विभागात तपासणारे डॉक्टर, दुसऱ्या दिवशी शस्त्रक्रिया करणारे शल्यविशारद आणि भूल देणारे डॉक्टर हे तिघेही एस७२.०११ए हाच कोड देतील. उलट, एका शहरात शस्त्रक्रिया झालेली रुग्ण मुलीकडे राहायला गेली आणि तेथील नव्या अस्थिरोगतज्ज्ञाकडे चौथ्या आठवड्यात क्ष-किरण तपासणीसाठी गेली, तर त्या डॉक्टरांची ती पहिलीच भेट असली तरी अक्षर डीच येईल, कारण रुग्ण उपचार पूर्ण करून सावरण्याच्या टप्प्यात आहे. हाड कसे भरते आहे हे पाहण्यासाठी काढलेले क्ष-किरण चित्र, औषधांत केलेला बदल, जखमेची तपासणी, चालण्याचा सराव ही सगळी डीची कामे आहेत.

हे अक्षर एकदा पुढे सरकले की मागे येऊच शकत नाही, असा समजही बरोबर नाही. समजा, मानेचे न सरकलेले फ्रॅक्चर शस्त्रक्रियेविना, वजन न टाकण्याचा सल्ला देऊन सांभाळले जात आहे. पहिल्या तपासणीला ए आणि नंतर केवळ प्रगती पाहण्यासाठीच्या भेटीला डी दिला. तिसऱ्या आठवड्याच्या चित्रात तुकडा सरकलेला दिसला आणि शस्त्रक्रिया ठरली, तर त्या भेटीपासून पुन्हा सक्रिय उपचार सुरू झाला आणि अक्षर पुन्हा ए होते. शिवाय ‘न सरकलेले’ फ्रॅक्चर आता ‘सरकलेले’ झाल्यामुळे सहावे अक्षरही बदलते. उदाहरणार्थ, उजव्या बाजूच्या मानेच्या मध्यभागाचे फ्रॅक्चर असेल तर एस७२.०३४डीवरून एस७२.०३१एवर यावे लागते. त्याचप्रमाणे, पडल्यावर दोन-तीन आठवडे दुखणे अंगावर काढून मग दवाखान्यात आलेल्या रुग्णाला उशीर झाला म्हणून डी देता येत नाही. उपचार आजच सुरू होत आहे, म्हणून अक्षर ए.

हाड न जुळण्याच्या बाबतीत मात्र नियम थोडा वेगळा वागतो आणि तो लक्षात ठेवावाच लागतो. इंटरट्रोकँटरिक, म्हणजे मानेच्या खालच्या दोन उंचवट्यांमधले, फ्रॅक्चर खिळा बसवूनही जुळले नाही आणि शल्यविशारदाने ते न जुळल्याचे निदान लिहून पुन्हा शस्त्रक्रिया केली, तर ही शस्त्रक्रिया सक्रिय उपचार असूनही अक्षर ए येत नाही; उजव्या बाजूसाठी एस७२.१४१के येतो. वाकडे जुळलेल्या हाडासाठी त्याच जागी पी येते. उपचार घेण्यास रुग्णानेच विलंब केला असेल तर मात्र ए, बी, सी यांपैकी अक्षर द्यावे, असा अपवाद नियमांतच आहे. ‘भरून येण्यास उशीर’ आणि ‘जुळले नाही’ यांत आठवड्यांचा हिशेब करून कोडरने निर्णय घेऊ नये. सोळाव्या आठवड्यातही फ्रॅक्चरची रेषा दिसते, असे रेडिऑलॉजिस्टने लिहिले आणि शल्यविशारदाने त्यावर काहीच भाष्य केले नाही, तर जी किंवा के देण्याइतका आधार तयार होत नाही. तेथे विचारणा करावी लागते. कृत्रिम सांधा बसवलेल्या रुग्णात, जसे आपल्या प्रश्नातील बाई, जुळण्यासाठी तुकडाच उरलेला नसल्याने जी आणि के यांचा प्रश्नच सहसा येत नाही.

गुंतागुंत झाली की कोडचा गटच बदलतो. फ्रॅक्चरवरील शस्त्रक्रियेतून उद्भवलेल्या गुंतागुंतीसाठी स्वतंत्र कोड आहेत आणि त्यांचे सातवे अक्षर त्या गुंतागुंतीच्या उपचारावरून ठरते, मूळ फ्रॅक्चरवरून नाही. आपल्या प्रसंगातील बाईंचा उजवा कृत्रिम सांधा आठव्या आठवड्यात निखळला आणि तो जागेवर बसवण्यात आला, तर मुख्य कोड टी८४.०२०ए. सांध्याला जंतुसंसर्ग झाला तर टी८४.५१एक्सए, आणि जंतू ओळखला गेला असेल तर त्याचा कोड जोडीला. उदाहरणार्थ मेथिसिलिनला दाद न देणारा स्टॅफिलोकॉकस ऑरिअस असेल तर बी९५.६२. येथे बऱ्याच जणांची गल्लत होते: फ्रॅक्चरच्या दृष्टीने रुग्ण केव्हाच डीच्या टप्प्यात गेलेली असते, म्हणून संसर्गालाही डी दिला जातो. पण संसर्गावर प्रतिजैविके चालू आहेत, पुन्हा जखम उघडून धुतली जात आहे, तोपर्यंत संसर्गाचा उपचार सक्रियच आहे, मग ती त्या डॉक्टरांची चौथी भेट का असेना. खिळा किंवा स्क्रू वापरलेल्या रुग्णांत अशाच जागी दुसरे कोड येतात: उजव्या मांडीच्या हाडातील अंतर्गत साधन सरकल्यास टी८४.१२४, मोडल्यास टी८४.११४, आणि त्याभोवती संसर्ग झाल्यास टी८४.६२०. स्क्रू गोळ्यातून बाहेर आल्याचे शल्यविशारद लिहितात तेव्हा ते साधन सरकले म्हणून की मोडले म्हणून, हे त्यांच्या वर्णनातून नीट वाचून घ्यावे. पुढे कधी कृत्रिम सांध्याभोवतीचे हाड मोडले तर केवळ एस७२चा कोड पुरत नाही. उजव्या खुब्यासाठी एम९७.०१एक्स हा कोड आहे आणि एस७२च्या खाली तशी टीप दिलेली आहे.

आता ऑडिटरच्या प्रश्नाकडे येतो. माझ्या मते या सगळ्या प्रसंगातील तो सर्वांत महत्त्वाचा प्रश्न आहे. ज्या रुग्णाला ऑस्टिओपोरोसिस असल्याचे माहीत आहे त्याचे हाड किरकोळ पडण्याने मोडले आणि तेवढ्या पडण्याने निरोगी हाड सहसा मोडले नसते, तर आघाताचा कोड न देता एम८० गटातील कोड द्यावा, असे मार्गदर्शक नियम सांगतात. वयोमानानुसार झालेल्या ऑस्टिओपोरोसिसमुळे उजव्या मांडीचे हाड मोडल्यास तो कोड एम८०.०५१ आणि सहाव्या आठवड्याच्या भेटीसाठी एम८०.०५१डी. या गटात मान, ट्रोकँटर असे भाग वेगळे केलेले नाहीत आणि उघड्या फ्रॅक्चरची अक्षरेही नाहीत. ए, डी, जी, के, पी आणि एस एवढीच आहेत. एकाच रुग्णाच्या एकाच फ्रॅक्चरला आपत्कालीन विभाग एस७२, शल्यविशारद एस७२, आणि हाडांच्या ठिसूळपणावर उपचार करणारे डॉक्टर एम८० असे देत राहतात, हे चित्र मी पुष्कळ दवाखान्यांच्या कामात पाहिले आहे आणि ते मला फार खटकते. यामुळे क्लेममध्ये विसंगती येते ही गोष्ट आहेच. पण त्याहून मोठी गोष्ट ही की बाईंची हाडे ठिसूळ आहेत ही माहितीच त्यांच्या नोंदीतून हरवते आणि दुसरा खुबा मोडू नये म्हणून जे औषध सुरू व्हायला हवे त्याची आठवण कोणालाच राहत नाही.

असे असूनही ७८ वर्षे वय आणि घरातल्या घरात पडणे एवढ्यावरून कोडरने एम८० देऊ नये. निदान डॉक्टरांचे असते. नोंदीत जुन्या डेक्सा (हाडांची घनता मोजणाऱ्या) तपासणीचा टी-स्कोअर उणे २.९ असा सापडला, औषधांच्या यादीत हाडांच्या ठिसूळपणावरचे ॲलेंड्रोनेट सापडले, तरी ‘ऑस्टिओपोरोसिस’ आणि त्याचा फ्रॅक्चरशी संबंध ही दोन्ही विधाने डॉक्टरांनी लिहिल्याशिवाय कोड बदलत नाही. येथे लेखी विचारणा पाठवावी, आणि तीत उत्तर सुचवलेले नसावे. साधारण असा मजकूर पुरतो: ‘रुग्ण घरात चालताना अडखळून पडल्यानंतर उजव्या मांडीच्या हाडाच्या मानेचे फ्रॅक्चर झाल्याची नोंद आहे. मागील डेक्सा अहवालात टी-स्कोअर उणे २.९ आहे आणि औषधांत ॲलेंड्रोनेट आहे. आपल्या वैद्यकीय मतानुसार या फ्रॅक्चरचे स्वरूप कृपया नमूद करावे: आघातामुळे झालेले, ऑस्टिओपोरोसिसमुळे झालेले, अन्य कारणाने झालेले, ठरवता येत नाही.’ कोणता पर्याय निवडल्यास किती पैसे मिळतील याचा उल्लेख विचारणेत येता कामा नये. डॉक्टरांनी दुसरा पर्याय निवडून नोंदीत तसे लिहिले की त्या नोंदीला धरून एम८०.०५१डी द्यावा. कर्करोग हाडात पसरल्यामुळे फ्रॅक्चर झाले असेल तर वाट आणखी वेगळी होते आणि ती एम८४.५मध्ये जाते, पण तेथेही संबंध जोडणारे वाक्य डॉक्टरांचेच लागते.

नोंदीचा दर्जा हा यापुढचा अडथळा. फॉलो-अप भेटीची नोंद बहुधा अशी असते: ‘उजव्या खुब्याच्या शस्त्रक्रियेनंतर सहा आठवडे. जखम कोरडी. चित्रात रोपण जागेवर. वॉकरने चालते. सहा आठवड्यांनी पुन्हा.’ वैद्यकीयदृष्ट्या हे पुरेसे वाटेल, पण कोडिंगसाठी यात फ्रॅक्चर हा शब्दसुद्धा नाही. एवढ्याच नोंदीवर काम केले तर झीज झाल्याने बदललेला सांधा आणि फ्रॅक्चरमुळे बदललेला सांधा यांत फरक करता येत नाही, आणि झेड४७.१ची चूक नेमकी येथून सुरू होते. दुसरा सापळा ‘हिप फ्रॅक्चर’ या मोघम शब्दांत आहे. कोडच्या सूचीत हे शब्द थेट एस७२.००कडे, म्हणजे मानेच्या अनिर्दिष्ट भागाच्या फ्रॅक्चरकडे नेतात. शस्त्रक्रिया मात्र २७२४५, म्हणजे इंटरट्रोकँटरिक किंवा त्यासारख्या फ्रॅक्चरसाठी हाडाच्या पोकळीत खिळा बसवण्याची, अशी नोंदलेली असते. मग शस्त्रक्रियेच्या क्लेमवर एस७२.१४१ए आणि फॉलो-अपवर एस७२.००१डी असे एकाच हाडाचे दोन वेगवेगळे भाग मोडलेले दिसतात. ‘सबकॅपिटल’ लिहिले असेल तर एस७२.०१, ‘बेसिसर्व्हायकल’ म्हणजे मानेच्या तळाचे असेल तर एस७२.०४, इंटरट्रोकँटरिक असेल तर एस७२.१४ आणि त्याच्या खालचे सबट्रोकँटरिक असेल तर एस७२.२. शेवटच्या गटात सहाव्या जागी एक्स भरावा लागतो. उजव्या सरकलेल्या फ्रॅक्चरसाठी एस७२.२१एक्सडी. तो एक्स राहिला तर अक्षर चुकीच्या जागी पडते आणि कोड अवैध ठरून क्लेम परत येतो. शल्यविशारदांनी आपल्या फॉलो-अपच्या साच्यात ‘कोणत्या बाजूच्या, कोणत्या भागाच्या फ्रॅक्चरसाठी, कोणती शस्त्रक्रिया, आज हाड कसे भरत आहे’ एवढे एक वाक्य कायमचे घालून घेतले तर निम्म्या विचारणा वाचतात.

बिलाबद्दल. फ्रॅक्चरसाठी केलेल्या हेमिआर्थ्रोप्लास्टीचा शस्त्रक्रिया कोड २७२३६ आहे. २७१२५ हा कोड फ्रॅक्चर नसताना केलेल्या अर्ध्या सांध्याच्या शस्त्रक्रियेसाठी आहे. २७२३६ला मेडिकेअरचा, म्हणजे वृद्धांसाठीच्या सरकारी विम्याचा, ९० दिवसांचा ग्लोबल काळ लागू होतो; या काळातील संबंधित भेटी शस्त्रक्रियेच्या शुल्कातच धरल्या जातात. त्यात शस्त्रक्रियेच्या आदला दिवस, शस्त्रक्रियेचा दिवस आणि नंतरचे ९० दिवस धरले जातात. सहावा आठवडा अर्थातच त्याच्या आत येतो, म्हणून शल्यविशारदाने किंवा त्याच गटातील त्याच शाखेच्या सहकाऱ्याने घेतलेली ही भेट ९९०२४ने नोंदवावी. पैसे मिळत नाहीत म्हणून ती नोंदवायची सोडू नये. १ जुलै २०१७ पासून मेडिकेअरने नऊ राज्यांतील मोठ्या गटांना ठरावीक शस्त्रक्रियांनंतरच्या अशा भेटी कळवणे बंधनकारक केले आहे, आणि ग्लोबल शुल्कात धरलेल्या भेटी प्रत्यक्षात होतात का, हे त्यावरूनच पाहिले जाते. त्या दिवशीचे क्ष-किरण चित्र मात्र ग्लोबलमध्ये नाही. एका खुब्याच्या दोन किंवा तीन चित्रांसाठी ७३५०२ वेगळा लावता येतो आणि त्याला आधार म्हणून एस७२.०११डीच जोडावा.

त्याच बाई ग्लोबल काळात खांदा दुखतो म्हणून त्याच शल्यविशारदाकडे आल्या आणि त्याची स्वतंत्र तपासणी झाली तर त्या भेटीच्या कोडला ‘ही भेट शस्त्रक्रियेशी संबंधित नाही’ असे सांगणारा मॉडिफायर (जोड-आकडा) २४ लागतो व निदान खांद्याचे असावे लागते. जखमेतील किरकोळ संसर्गावर दवाखान्यातच उपचार झाले तर मेडिकेअर ते ग्लोबलमध्ये धरते; त्यासाठी पुन्हा शस्त्रक्रियागृहात जावे लागले तर मॉडिफायर ७८ने वेगळे पैसे मिळतात. खाजगी विमा कंपन्यांनी या बाबतीत मेडिकेअरचेच पाऊल उचललेले असेल असे गृहीत धरू नये, करार पाहावा. कुटुंबाचे डॉक्टर किंवा ऑस्टिओपोरोसिसवर उपचार करणारे तज्ज्ञ यांच्या भेटी शल्यविशारदाच्या ग्लोबलमध्ये येत नाहीत; ते नेहमीप्रमाणे आपल्या भेटीचा कोड लावू शकतात.

फिजिओथेरपी आणि घरी जाऊन सेवा देणाऱ्या संस्थाही याच फ्रॅक्चर कोडचा डी अक्षरासह आधार घेतात. १ जानेवारी २०२० पासून मेडिकेअरच्या घरसेवेसाठी लागू झालेल्या पीडीजीएम या पैसे ठरवण्याच्या पद्धतीत एम६२.८१, म्हणजे स्नायूंचा अशक्तपणा, हा मुख्य निदान म्हणून स्वीकारला जात नाही. म्हणून फ्रॅक्चरनंतर चालण्यास शिकवण्यासाठी जाणाऱ्या संस्थेने पहिल्या जागी फ्रॅक्चरच द्यावे.

पडण्याच्या कारणाचा कोड फॉलो-अपमध्येही देता येतो, मात्र त्याचेही सातवे अक्षर डी करावे. समपातळीवर अडखळून पडल्यास डब्ल्यू०१.०एक्सएक्सडी. कोठे पडल्या हे सांगणारा वाय९२चा कोड मात्र फक्त पहिल्या उपचाराच्या वेळी एकदाच द्यायचा असतो, तो प्रत्येक भेटीत पुढे ओढू नये.

राहता राहिला प्रश्न डी कोठवर चालवायचा. ९० दिवसांचा ग्लोबल काळ संपला की डीही संपतो, अशी समजूत रूढ आहे, पण या दोन गोष्टींचा एकमेकींशी संबंध नाही. एक पैशांचा नियम आहे, दुसरा रुग्णाच्या स्थितीचा. पाचव्या महिन्यात रुग्ण अजून सावरत असेल आणि डॉक्टर त्याच फ्रॅक्चरची देखभाल करत असतील तर कोड डीच राहील आणि भेटीचे बिलही आता लागेल. डॉक्टरांनी फ्रॅक्चर पूर्ण भरल्याचे, उपचार संपल्याचे लिहिले आणि त्यानंतरची भेट केवळ खात्री करण्यासाठी असेल, तर उपचार संपल्यानंतरच्या तपासणीचा झेड०९ आणि त्यासोबत बऱ्या झालेल्या आघाती फ्रॅक्चरचा पूर्वेतिहास सांगणारा झेड८७.८१ येतो, सांधा बसवलेला असल्यास झेड९६.६४१ सोबत. भरलेल्या हाडातील खिळा किंवा स्क्रू ठरवून काढायचा असेल तर झेड४७.२; तोच संसर्गामुळे किंवा साधन मोडल्यामुळे काढायचा असेल तर टी८४चा कोड. फ्रॅक्चर बरे झाल्यावर काही काळाने मागे राहिलेल्या त्रासासाठी रुग्ण आली, जसे स्क्रूने जोडलेल्या मानेच्या फ्रॅक्चरनंतर गोळ्याचा रक्तपुरवठा तुटून तो खचला, तर आधी आजचा त्रास म्हणजे एम८७.२५१ आणि त्यानंतर एस७२.०३१एस असा क्रम ठेवावा. आणि विचारणेनंतर फ्रॅक्चर ऑस्टिओपोरोसिसचे असल्याचे डॉक्टरांनी लिहिले असेल, तर हाड भरल्यानंतर एम८० थांबवून एम८१.० (सध्या फ्रॅक्चर नसलेला ऑस्टिओपोरोसिस) आणि झेड८७.३१० (अशा बऱ्या झालेल्या फ्रॅक्चरचा पूर्वेतिहास) ही जोडी द्यावी. बाई ॲलेंड्रोनेट घेत असतील तोवर असे औषध दीर्घकाळ चालू असल्याचा झेड७९.८३ही सोबत असावा.